गोल्डफिंगरच्या अलीकडे आणि पलीकडे

गेर्ट फ्रोबे हा जर्मन नट जगाला ठाऊक आहे तो एका भूमिकेमुळे, आणि त्या भूमिकेत त्याचा आवाजच नाही. १९६४ सालच्या 'गोल्डफिंगर'मध्ये जेम्स बाँडला मेजावर जखडून लेझरच्या झोतासमोर ठेवणारा तो लालसर केसांचा, गोल चेहऱ्याचा, आडवा गृहस्थ बोलतो ते मायकेल कॉलिन्स या ब्रिटिश नटाच्या आवाजात. फ्रोबेचं इंग्रजी यथातथाच होतं. दिग्दर्शक गाय हॅमिल्टनने त्याला संवाद भराभर म्हणायला सांगितले, म्हणजे पुढे डबिंग करताना दुसऱ्याचे शब्द त्याच्या ओठांवर बसावेत. ते असे चपखल बसले की प्रेक्षकांना शंकाही आली नाही. जर्मन आवृत्तीत मात्र फ्रोबेनं स्वतःचाच आवाज दिला, त्यामुळे जर्मन प्रेक्षकांचा गोल्डफिंगर आणि उरलेल्या जगाचा गोल्डफिंगर ही थोडी वेगळी माणसं आहेत.

आवाज काढून घेतल्यावरही जी भूमिका साठ वर्षं टिकते, ती उभी कशाच्या जोरावर असते? या पुस्तकाचा सगळा खटाटोप या प्रश्नाभोवती आहे. फ्रोबे चाळीस वर्षं कॅमेऱ्यासमोर होता. शंभराहून अधिक चित्रपट त्यानं केले, आणि त्यांत जर्मन, फ्रेंच, इंग्रजी, इटालियन अशा सगळ्या निर्मिती आल्या. ऑर्सन वेल्स, फ्रिट्झ लांग, ज्यूल्स दासँ, रने क्लेमाँ, लुकिनो व्हिस्कोंती आणि इंगमार बर्गमन या सहा दिग्दर्शकांची नावं एका दमात घेता येतील असे नट फार नाहीत. तरीही सिनेमाच्या इतिहासात त्याच्या वाट्याला बहुतेक वेळा एखादं वाक्य येतं आणि त्या वाक्यात बाँड असतोच. चरित्र अभिनेत्याचं हे जुनंच दुखणं आहे. चेहरा सर्वांना आठवतो आणि नाव कोणालाच आठवत नाही.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो, म्हणजे वाचकाला पुढची पानं त्यावर घासून बघता येतील. फ्रोबेची गणना पडद्यावरच्या थोर खलनायकांत होते, पण त्याच्या खलनायकांची घडण विदूषकाची आहे. त्याची दुष्ट माणसं थंड डोक्याची, कावेबाज, आतल्या गाठीची नसतात. ती हावरट असतात, हट्टी असतात, पटकन रुसतात, पटकन खुलतात. एखादी गोष्ट हवी म्हणजे हवीच, असं त्यांचं असतं. वाढलेल्या देहात न वाढलेलं मूल बसलेलं दिसतं, आणि भीती वाटते ती त्या मुलाची. ही जागा त्याला अचानक सापडली नाही. तिच्यामागे व्हायोलिन आहे, रंगाचे ब्रश आहेत, कॅबरे आहे आणि उपासमारीची काही वर्षं आहेत.

फ्रोबेचा जन्म २५ फेब्रुवारी १९१३चा, जर्मनीच्या सॅक्सनी प्रांतात, त्स्विकाऊ शहराला लागून असलेल्या ओबरप्लानित्स या गावचा. मुलगा व्हायोलिन वाजवायचा आणि त्याचे केस लालभडक होते, म्हणून गावात त्याची ओळख 'त्स्विकाऊचा लाल व्हायोलिनवाला' अशी झाली. पुढे ड्रेस्डेनच्या सरकारी नाट्यगृहात तो नेपथ्याचे पडदे रंगवायला शिकला. म्हणजे रंगमंचाशी त्याचा पहिला संबंध हातात ब्रश घेऊन आला. मागच्या पडद्यापुढे माणूस किती जागा व्यापतो, कुठे उभा राहिला की डोळ्यांत भरतो, याचा अंदाज त्याला नट होण्याआधीच आला असणार. पुढच्या काळातल्या त्याच्या कोणत्याही दृश्यात हे दिसतं. चौकटीत आपलं वजन कुठे टाकायचं ते त्याला सांगावं लागत नाही.

त्याला नट केलं एरिख पोंटो यांनी. पोंटो हे ड्रेस्डेनच्या रंगभूमीवरचं बडं नाव. १९२८ साली बर्लिनमध्ये ब्रेख्ट आणि वाईल यांचा 'थ्री पेनी ऑपेरा' पहिल्यांदा रंगमंचावर आला, तेव्हा भिकाऱ्यांचा धंदा चालवणारा पीचम त्यांनीच साकारला होता. सिनेमाच्या प्रेक्षकांनी त्यांना 'द थर्ड मॅन'मध्ये डॉक्टर विंकेलच्या भूमिकेत पाहिलं आहे. पोंटोंकडे फ्रोबे शिकला, मग वुपर्टाल, फ्रँकफर्ट अशी नाट्यगृहं करत व्हिएन्नाच्या फोल्क्सथिएटरमध्ये दाखल झाला. १९४४ साली युद्धामुळे नाट्यगृहं बंद पडेपर्यंत तो तिथे होता.

ही पगारी नाट्यगृहांची व्यवस्था नीट समजून घेतली नाही तर जर्मन चरित्र अभिनेत्याची जातकुळी कळत नाही. जर्मनीत लहानमोठ्या शहरांना आपापलं अनुदानित नाट्यगृह असतं. नटाला हंगामाचा करार मिळतो आणि एकाच हंगामात त्याला शिलरच्या नाटकातला सरदार, ऑपेरेटातला मद्यपी आणि नाताळच्या बालनाट्यातला राक्षस असं सगळं करावं लागतं. शोभेल तीच भूमिका घेईन, असं म्हणायची सोय नसते. यातून जो नट तयार होतो तो कोणत्याही दिग्दर्शकाला चालतो आणि लहान भूमिकेत कमीपणा मानत नाही. फ्रोबे अखेरपर्यंत असाच राहिला. बाँडपटानंतर जगभरातून मागणी असतानाही चार मिनिटांच्या भूमिका तो घेत होता.

युद्ध संपलं तेव्हा तो बत्तीस वर्षांचा होता आणि अन्नान्न दशेतल्या लाखो जर्मनांपैकी एक होता. त्या हाडकुळ्या देहानंच त्याला पहिली मोठी भूमिका मिळवून दिली. रॉबर्ट श्टेमले दिग्दर्शित 'बर्लिनर बालाडं' हा चित्रपट १९४८च्या अखेरीस आला. त्याची रचना गमतीची आहे. २०४८ सालचे बर्लिनकर शंभर वर्षांपूर्वीच्या आपल्या शहराकडे मागे वळून पाहतात आणि त्यांना दिसतो युद्धावरून परतलेला एक शिपाई, नाव ओट्टो नॉर्मालफरब्राउखर. रेशनकार्डांच्या जमान्यात ज्याला कसलाही जादा कोटा मिळत नाही, अशा सर्वसाधारण ग्राहकाला सरकारी कागदांवर जे म्हटलं जायचं तेच त्याचं आडनाव. चित्रपट गेला, रेशनकार्डं गेली, पण जर्मन भाषेत सर्वसामान्य माणसासाठी हे नाव आजही घरोघर वापरलं जातं.

हा चित्रपट आज पाहताना धक्का बसतो तो फ्रोबेच्या अंगकाठीचा. गालफडं बसलेली, गळ्याभोवती कॉलर ढगळ, आणि अंगावरचा कोट खुंटीला अडकवल्यासारखा. पण डोळे तेच आहेत, पुढे गोल्डफिंगरला लाभलेले. ओट्टो सगळ्या गोष्टींकडे आ वासून पाहतो. ढिगारे, काळाबाजार, अर्ज, शिक्के, पुढाऱ्यांची भांडणं, कशाचाच त्याला थांग लागत नाही, तरी कुतूहल संपत नाही. श्टेमलेनं कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावर रेंगाळू दिला आहे आणि फ्रोबे तिथे फारसं काही करत नाही. नुसता बघतो. मूकपटातल्या विनोदवीरांकडून शिकलेली ही विद्या होती, आणि कॅबरेत ती त्यानं आणखी घोटली.

युद्धानंतर म्युनिक हे कॅबरेचं आणि सिनेमाचं मोठं केंद्र होतं. फ्रोबे तिथे मूकनाट्य आणि नकला करायचा. ख्रिस्टियान मॉर्गनश्टेर्न या कवीच्या विक्षिप्त, निरर्थाच्या काठावरच्या कविता सादर करायचा. मॉर्गनश्टेर्ननं एक अख्खी कविता एकही अक्षर न वापरता, नुसत्या आडव्या रेघा आणि कमानी मांडून लिहिली आहे. असा कवी ज्याला आयुष्यभर पुरतो, त्या नटाचा शब्दांपेक्षा ओठांवर, भुवयांवर आणि श्वासावर भरवसा असणार हे उघड आहे. मॉर्गनश्टेर्नचे हे कार्यक्रम तो उतारवयापर्यंत करत राहिला. सिनेमानं पैसा आणि कीर्ती दिली, पण आपलं खरं घर त्यानं रंगमंचावरच्या या एकट्याच्या खेळात मानलं होतं, असं त्याच्या एकूण कारकिर्दीकडे पाहता वाटतं.

१९५०च्या दशकात दोन गोष्टी बरोबरीनं घडल्या. पश्चिम जर्मनीत आर्थिक भरभराट आली आणि फ्रोबेच्या अंगावर मांस चढलं. दशकाच्या सुरुवातीला पोलीस, गुंड, सर्कसवाला, ट्रकवाला अशा किरकोळ भूमिका त्याच्या वाट्याला येत होत्या. ऑर्सन वेल्सच्या 'मिस्टर आर्काडिन'मध्ये तो म्युनिकचा पोलीस होता, आणि ज्यूल्स दासँनं कझानझाकिसच्या कादंबरीवर केलेल्या १९५७च्या फ्रेंच चित्रपटात गावातला धनिक. १९५८मध्ये रोल्फ थीलेच्या 'दास मेडशन रोझमारी'त तो फ्रँकफर्टच्या एका वारांगनेच्या अवतीभवती घुटमळणाऱ्या उद्योगपतींपैकी एक झाला. दहा वर्षांपूर्वीचा उपाशी ओट्टो आता ढेरपोट्या कारखानदार झाला होता. एका देशाचं दशकभरातलं स्थित्यंतर एकाच नटाच्या कमरेच्या घेराएवढं स्पष्ट क्वचितच कुठे दिसतं.

त्याच वर्षी तो चित्रपट आला ज्यानं त्याचं आयुष्य बदललं. 'एस गेशा आम हेलिष्टन टाग', म्हणजे 'भर दिवसा घडलं ते'. पटकथेत स्विस नाटककार फ्रीड्रिख ड्युरेनमाटचा मोठा वाटा होता आणि दिग्दर्शन लादिस्लाओ वायदा यांचं होतं. झुरिकजवळच्या रानात एका लहान मुलीचा खून होतो. संशय एका फेरीवाल्यावर येतो आणि तो कोठडीत गळफास घेतो. मात्थेई हा पोलीस अधिकारी, म्हणजे जर्मन सिनेमाचा लाडका हाइन्त्स र्‍यूमान, तेवढ्यावर समाधान मानत नाही. मेलेल्या मुलीनं शाळेत काढलेल्या चित्रात एक धिप्पाड माणूस आहे, त्याची गाडी आहे आणि तो मुलीला काटेरी गोळे देतो आहे. मात्थेई त्या चित्राचा माग काढत नोकरीबाहेर पडतो, हमरस्त्यावर पेट्रोलपंप चालवायला घेतो आणि एका लहानग्या मुलीला, तिच्या आईला कल्पना न देता, गळाला लावून बसतो.

फ्रोबेचा श्रॉट पडद्यावर येतो तो बऱ्याच उशिरा. तोवर प्रेक्षकानं मनात एक राक्षस रंगवलेला असतो. समोर येतो तो एक धष्टपुष्ट, नीटनेटका, दबलेला नवरा. त्याची श्रीमंत आणि वयानं मोठी बायको त्याला घालूनपाडून बोलते आणि तो ऐकून घेतो. या दृश्यांत फ्रोबेकडे लक्ष ठेवावं. एवढा दांडगा माणूस खांदे आत ओढून घेतो, नजर जमिनीकडे लावतो, आणि त्याचा देह शाळेत उभ्या केलेल्या पोरासारखा अवघडतो. नंतर रानात तो त्या छोटीसमोर हातबाहुली काढतो. आवाज बदलतो, बोटांनी बाहुलीला मान डोलवायला लावतो, मुलगी हसते, आणि त्याच्या चेहऱ्यावर खराखुरा आनंद पसरतो. हा आनंद ढोंगी नाही, हीच गोम आहे. मुलीला भुलवण्यासाठी तो खेळण्याचं सोंग करतोय असं दाखवणं सोपं होतं. फ्रोबे असं दाखवतो की हा माणूस फक्त याच क्षणी सुखी आहे, आणि पुढे काय होणार ते ठाऊक असल्यामुळे आपल्या अंगावर काटा येतो. ते काटेरी गोळे म्हणजे चॉकलेटच्या गोळ्या होत्या, हेही तोवर कळलेलं असतं.

१९३१ साली फ्रिट्झ लांगच्या 'एम'मध्ये पीटर लोरेनं बालहत्या करणारा माणूस उभा केला होता. त्याच्या शेजारी ठेवता येईल अशी जर्मन पडद्यावरची दुसरी भूमिका म्हणजे हा श्रॉट. ड्युरेनमाटला मात्र चित्रपटाचा गुन्हेगार पकडला जाणारा शेवट पटला नव्हता. त्यानं त्याच वर्षी 'दास फरश्प्रेखन' ही कादंबरी लिहून वेगळा शेवट केला. तिथे खुनी वाटेतच अपघातात मरतो आणि सापळा लावून बसलेला पोलीस त्याची वाट बघत आयुष्य नासवतो. मराठी वाचकासाठी आणखी एक धागा इथे आहे. १९८०च्या दशकात दूरदर्शनवर 'ओल्ड फॉक्स' ही जर्मन पोलीस मालिका ज्यांनी पाहिली असेल, त्यांना त्यातला म्हातारा कमिशनर झीगफ्रीड लोवित्स या चित्रपटात तरुण पोलीस अधिकारी म्हणून भेटेल. जर्मन सिनेमा आणि दूरचित्रवाणी यांच्यात चेहऱ्यांची अशी ये-जा सतत चालू असते.

यानंतर फ्रोबे कायद्याच्या दोन्ही बाजूंना राहू लागला. अमेरिकेहून परतलेल्या फ्रिट्झ लांगनं १९६० साली आपला अखेरचा चित्रपट केला, 'डॉक्टर माबुझचे हजार डोळे'. त्यात फ्रोबे कमिशनर क्रास होता. पुढच्या दोन वर्षांत आलेल्या आणखी दोन माबुझपटांत तो कमिशनर लोमान झाला, म्हणजे लांगनं तीसच्या दशकात घडवलेल्या गाजलेल्या पोलिसाचा वारसदार. १९६३मध्ये वोल्फगांग श्टाउडेनं 'थ्री पेनी ऑपेरा' पडद्यावर आणला तेव्हा पीचमची भूमिका फ्रोबेकडे आली, जी पस्तीस वर्षांपूर्वी त्याच्या गुरूनं पहिल्यांदा केली होती. मराठी रंगभूमीला हे नाटक परकं नाही. पु. ल. देशपांड्यांनी त्याचं 'तीन पैशाचा तमाशा' केलं आणि जब्बार पटेलांच्या दिग्दर्शनाखाली थिएटर अकॅडमीनं १९७८ साली ते रंगमंचावर आणलं. ज्यांना तो प्रयोग आठवतो त्यांनी श्टाउडेचा चित्रपट पाहावा. चित्रपट म्हणून तो जड आहे, पण गरिबीचा धंदा करणाऱ्या पीचमच्या नाटकी कळवळ्यात फ्रोबेला मोकळं रान मिळालं आहे.

आता 'गोल्डफिंगर'. निर्मात्यांनी त्याची निवड केली ती त्याचा श्रॉट पाहून, आणि ही नोंद महत्त्वाची आहे. सोन्यानं वेड्या झालेल्या अब्जाधीशासाठी त्यांना मुलं मारणारा तो दबलेला नवरा आठवला. दोघांतलं साम्य त्यांनी अचूक हेरलं होतं. केंटकीतल्या घोड्यांच्या फार्मवरचं दृश्य घ्या. गोल्डफिंगर अमेरिकेतल्या गुंडांना जमवून फोर्ट नॉक्स लुटण्याचा बेत समजावतो. कळ दाबली की बिलियर्ड टेबल उलटतं, भिंती सरकतात, जमिनीतून फोर्ट नॉक्सची प्रतिकृती वर येते. फ्रोबे त्या खोलीत जवळजवळ बागडतो. वाढदिवसाला मिळालेली खेळणी मित्रांना दाखवणाऱ्या मुलाचा तोरा त्यात आहे. आणि मित्रांचं काम संपल्यावर त्याच खोलीत विषारी वायू सोडून तो त्यांना मारून टाकतो. हे सगळे सेट केन अ‍ॅडमचे. अ‍ॅडम मूळचा बर्लिनचा ज्यू, नाझी सत्तेवर आल्यावर लहानपणीच घरच्यांबरोबर इंग्लंडला आलेला आणि युद्धात ब्रिटिश हवाईदलात वैमानिक असलेला. एकाच पडद्यावर त्याचं नेपथ्य आणि फ्रोबेचा देह यावा, हा विसाव्या शतकाचाच एक योगायोग म्हणायचा.

दुसरं दृश्य गोल्फचं. पट मारण्याच्या ऐन क्षणी बाँड त्याच्या पायाशी सोन्याची वीट टाकतो. ही वीट नाझींनी ऑस्ट्रियातल्या टोप्लित्स सरोवरात बुडवलेल्या साठ्यातली असल्याचं चित्रपटात आधीच सांगितलेलं आहे. फ्रोबेची नजर चेंडूवरून विटेवर जाते आणि तिथेच अडकते. नेम चुकतो. संवाद जवळपास नाहीच, आणि ज्याचा आवाज पुढे काढून घेतला जाणार आहे त्या नटानं अख्खा माणूस त्या एका नजरेत दाखवून दिला आहे.

त्या नाझी विटेची सावली पडद्याबाहेरही पडली. फ्रोबे १९२९ साली, वयाच्या सोळाव्या वर्षी, नाझी पक्षात गेला होता आणि १९३७मध्ये बाहेर पडला होता. 'गोल्डफिंगर' जगभर धो धो चालत असताना, १९६५मध्ये, एका ब्रिटिश वृत्तपत्रात त्याच्या या सदस्यत्वाची कबुली ठळकपणे छापून आली. आपलं बोलणं अर्धवट छापलं गेलं, असं फ्रोबेचं म्हणणं होतं. इस्रायलमध्ये चित्रपटावर बंदी आली. मग व्हिएन्नातल्या इस्रायली दूतावासात एक ज्यू गृहस्थ स्वतःहून गेला आणि त्यानं सांगितलं, की नाझी राजवटीत फ्रोबेनं मला आणि माझ्या आईला लपवून ठेवलं, आम्ही जिवंत आहोत ते त्याच्यामुळे. बंदी उठली.

ही हकीकत सांगताना शेवटचा भाग ठळक करून आधीचा पुसण्याचा मोह होतो. या पुस्तकात तसं केलेलं नाही. सोळाव्या वर्षी गेला म्हणावं, तर तो आठ वर्षं त्या पक्षात राहिला आणि त्यातली चार हिटलरच्या सत्तेतली होती. पक्षाचा माणूस म्हणून निकालात काढावं, तर त्यानं दोन माणसांसाठी स्वतःचा जीव धोक्यात घातला. दोन्ही गोष्टी त्याच्या खात्यावर आहेत आणि एकीनं दुसरीची वजावट होत नाही. त्याच्या पिढीतल्या जर्मन कलावंतांबद्दल लिहिताना अशी दुपानी खतावणी उघडीच ठेवावी लागते.

बाँडपटाच्या आगेमागे परदेशी निर्मात्यांना जर्मन माणूस हवा असला की फ्रोबेची आठवण व्हायची. 'द लाँगेस्ट डे'मध्ये तो कॉफीचं भांडं घेऊन पहाटे घोड्यावरून डुलत जाणारा सार्जंट आहे, ज्याच्यासमोर अचानक नॉर्मंडीच्या समुद्रात दोस्तांचं आरमार उभं ठाकतं. १९६५च्या 'दोज मॅग्निफिसंट मेन इन देअर फ्लाइंग मशीन्स'मध्ये तो प्रशियन कर्नल होता. जर्मन अधिकाऱ्याला काहीही अशक्य नाही आणि सूचनापुस्तिका हाती असली की विमान उडवताच येतं, अशी त्याची खात्री. हे जर्मनांचं व्यंगचित्र परदेशी प्रेक्षकांना आवडलं यात नवल नाही. गंमत अशी की जर्मनांनाही ते भावलं, कारण फ्रोबे त्या कर्नलची चेष्टा करत नाही. त्या कर्नलचा पुस्तिकेवरचा विश्वास तो मनापासून साकारतो.

याच्या अगदी उलट टोकाला १९६६चा 'इज पॅरिस बर्निंग?' आहे. रने क्लेमाँच्या या चित्रपटात तो पॅरिसचा शेवटचा जर्मन सेनापती, जनरल फॉन कोल्टित्स आहे. शहर जाळून टाकण्याचा हिटलरचा हुकूम हातात आहे आणि समोर स्वीडिश वाणिज्यदूत नॉर्डलिंगच्या भूमिकेत ऑर्सन वेल्स. दोन अवाढव्य माणसं एका दालनात बसून एका शहराचं भवितव्य ठरवतात. इथे फ्रोबे सगळी खोडकर हालचाल बाजूला ठेवतो. त्याचा जनरल ना उमदा आहे ना राक्षसी. थकलेला, हिशेबी, आणि आपलं नाव इतिहासात कसं लागेल याची काळजी करणारा अधिकारी आहे. फ्रोबेला संयम जमत नाही असं ज्यांना वाटतं, त्यांनी हा चित्रपट पाहावा.

दोन वर्षांनी आला 'चिटी चिटी बँग बँग'. मूळ पुस्तक बाँडचा जनक इयन फ्लेमिंगचं, निर्माता बाँडचाच ब्रॉकोली, नेपथ्य पुन्हा केन अ‍ॅडमचं. फ्रोबे व्हल्गेरिया नावाच्या राज्याचा सरदार बॉम्बर्स्ट आहे. राज्यात मुलांना बंदी, कारण राणीसाहेबांना ती सोसत नाहीत, आणि राजेसाहेब मात्र स्वतः खेळण्यांत रमलेले. एका गाण्यात तो बायकोवर लाडिक शब्दांची खैरात करतो आणि त्याच वेळी तिला मारायचे एकामागून एक बेत रचतो. श्रॉट, गोल्डफिंगर आणि बॉम्बर्स्ट ही तीन माणसं ओळीनं उभी केली तर त्यांचं एकच कूळ निघतं. बाहुली, सोनं, खेळण्यातली गाडी, वस्तू तेवढ्या बदलतात. त्यांच्याकडे पाहताना फ्रोबेच्या डोळ्यांत येणारी चमक तीच आहे.

मायदेशात मात्र याच काळात वारं फिरलं होतं. २८ फेब्रुवारी १९६२ रोजी ओबरहाउझेनच्या लघुपट महोत्सवात सव्वीस तरुण चित्रकर्त्यांनी जाहीरनामा काढून जुना जर्मन सिनेमा मेल्याचं सांगितलं. पुढे ज्या दिग्दर्शकांनी जर्मन सिनेमाचं नाव जगात पुन्हा उंचावलं त्या फासबिंडर, हर्झोग किंवा वेंडर्स यांच्यापैकी एकानंही फ्रोबेला घेतलं नाही. त्यांच्या लेखी तो बापांच्या सिनेमातला माणूस होता. त्याला थोर भूमिका देणारे आता बाहेरचे होते. व्हिस्कोंतीच्या 'लुडविग'मध्ये तो बव्हेरियाच्या राजाचा धर्मगुरू फादर होफमान झाला. करखात्याच्या ससेमिऱ्यानं स्वीडन सोडून म्युनिकला आलेल्या बर्गमननं १९७७च्या 'द सर्पंट्स एग'मध्ये त्याला १९२३च्या बर्लिनमधला इन्स्पेक्टर बावर केलं. चलन कवडीमोल झालेलं, शहर कोसळत असलेलं, आणि हा इन्स्पेक्टर आपलं काम चोख करत राहतो. बर्गमनच्या त्या काळवंडलेल्या, काहीशा फसलेल्या चित्रपटात शहाणपणाचा ओलावा उरतो तो फ्रोबेच्या वाट्याच्या दृश्यांत.

नव्या सिनेमानं दार लावलं तरी मुलांनी आणि दूरचित्रवाणीनं उघडं ठेवलं. ओटफ्रीड प्रॉइस्लरच्या लाडक्या पुस्तकातला दरोडेखोर होत्सेनप्लोत्स त्यानं १९७४मध्ये पडद्यावर आणला. हा दरोडेखोर जर्मन बाहुलीनाट्याच्या जगातूनच आलेला. श्रॉटच्या हातातल्या बाहुलीला सोळा वर्षांनी जणू माणसाचा आकार मिळाला, आणि या खेपेला मुलं निर्धास्तपणे हसली. ऐंशीच्या दशकात 'द लिटल व्हॅम्पायर' या जर्मन-कॅनेडियन मालिकेत तो व्हॅम्पायरांच्या मागावर असलेला डिटेक्टिव्ह होता. 'श्वार्त्सवाल्डक्लिनिक' ही इस्पितळातली मालिका पश्चिम जर्मनीत घराघरात पाहिली जात असताना त्यातही तो पाहुणा म्हणून येऊन गेला. ५ सप्टेंबर १९८८ रोजी म्युनिकमध्ये हृदयविकाराच्या झटक्यानं त्याचं निधन झालं. दफन त्याच्या इकिंग गावी झालं.

एवढ्या लांब कारकिर्दीत भुसाही भरपूर आहे, हे कबूल केलं पाहिजे. उतरणीला लागलेल्या निर्मात्यांचे साहसपट, नाव विकायला घेतलेल्या पाहुण्या भूमिका, एकाच कर्नलच्या चार नकला असं सगळं त्यात येतं. पुढच्या प्रकरणांत त्यांची नोंद आहे, पण त्यांवर मुक्काम केलेला नाही. मुक्काम केला आहे तो दहाबारा चित्रपटांवर, आणि प्रत्येकातल्या एकदोन दृश्यांवर. नटाबद्दल लिहिताना विशेषणांपेक्षा दृश्य सांगावं, असं धोरण ठेवलं आहे. वाचकानं ते दृश्य शोधून पाहावं आणि पटलं नाही तर खुशाल वाद घालावा.

पाहण्याचा क्रमही सुचवून ठेवतो. सुरुवात 'गोल्डफिंगर'नं करू नये. तो चित्रपट बहुतेकांनी पाहिलेला असतो आणि बाँडच्या मापानं पाहिलेला असतो. आधी 'बर्लिनर बालाडं' पाहावा, मग 'एस गेशा आम हेलिष्टन टाग', मग 'इज पॅरिस बर्निंग?', आणि घरात मुलं असतील तर त्यांच्यासोबत 'चिटी चिटी बँग बँग'. 'गोल्डफिंगर' त्यानंतर, आणि शक्य झालं तर जर्मन भाषेत. शब्द कळले नाहीत तरी चालेल. एवढी पूर्वतयारी करून जो पाहील त्याच्या लक्षात येईल, की त्या चित्रपटात बाँड इकडून तिकडे धावतो आहे आणि चित्रपट मात्र फ्रोबेचा आहे.